बापला : संथाळांच्या प्रेमाची आणि लग्नाची रीत

लग्नाला संथाळीत ‘बापला’ म्हणतात. आपल्या बापाशी या शब्दाचं काही नातं नाही, हे आधीच सांगून टाकतो. कारण जमशेदपूरला असताना हा शब्द पहिल्यांदा ऐकणाऱ्या मराठी स्नेह्यांची हटकून तीच समजूत व्हायची. नोकरीच्या निमित्ताने तिथे मी काही वर्षं काढली. सहकाऱ्यांत संथाळ होते, त्यांच्या घरची लग्नाची बोलावणी यायची. मांडवात बसून जे दिसायचं, त्याचा अर्थ लागेना म्हणून पुस्तकांकडे वळलो आणि पुस्तकांतलं पटेना म्हणून पुन्हा मांडवात जाऊन बसू लागलो. मानववंशशास्त्राची पदवी माझ्याकडे नाही. बोडिंगचा पाच खंडांचा संथाळी कोश, काही जुने अहवाल आणि माझ्या प्रश्नांना कंटाळूनही हसत उत्तरं देणारी माणसं, एवढ्या भांडवलावर हा लेख आहे.

संथाळांची वस्ती झारखंडातला संथाळ परगणा आणि सिंहभूम, बंगालमधले बांकुडा, पुरुलिया, बीरभूम, ओडिशातला मयूरभंज अशी पसरलेली आहे. बिहार, आसाम, बांगलादेश आणि नेपाळ इथेही ते आहेत. २०११च्या जनगणनेत संथाळी मातृभाषा सांगणारे सुमारे ७३ लाख ६८ हजार लोक भारतात होते. राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू याच समाजातल्या, मयूरभंजच्या. ‘संथाळ’ हे नाव इतरांनी दिलेलं. ते स्वतःला ‘होड’ म्हणवतात, म्हणजे माणूस. आपल्या मेळघाटातल्या कोरकूंच्या बोलीत माणसाला ‘कोरो’ म्हणतात. दोन्ही भाषा मुंडा कुळातल्या आणि शब्दही मुळात एकच. दूरदेशीच्या कोणा लोकांविषयी आपण वाचतो आहोत असं वाटू नये, म्हणून हे सांगितलं.

संथाळांच्या चालीरीतींवर लिहिणाऱ्या प्रत्येकाला एका म्हाताऱ्याचं ऋण मान्य करावं लागतं. कोलेआन हे त्याचं नाव. १८७०-७१च्या सुमारास या वृद्ध गुरूने आपल्या लोकांची उत्पत्ती, भटकंती, सण, लग्नं, मर्तिकं हे सगळं तोंडी सांगितलं आणि लार्स स्क्रेफ्सरूड या नॉर्वेजियन मिशनऱ्याने ते संथाळीतच उतरवून घेतलं. (हा स्क्रेफ्सरूड तरुणपणी चोरीपायी मायदेशी तुरुंगात जाऊन आलेला होता. माणसं कुठून कुठे पोचतात!) १८८७ साली हे पुस्तक दुमक्याजवळच्या बेनागाडियाच्या मिशनने छापलं, बोडिंगचं इंग्रजी भाषांतर १९४२मध्ये, त्याच्या निधनानंतर निघालं. सांगणारा पुरुष, लिहिणारा पाद्री, आणि सांगण्याचा काळ १८५५च्या हुलनंतरचा, म्हणजे सिदो-कान्हूंचा उठाव चिरडला गेल्यानंतरचा. पराभूत समाजातला एक म्हातारा ‘आमचं असं असे’ म्हणून सांगतो आहे, हे त्याचं पुस्तक वाचताना विसरून चालत नाही. तरीही त्यातलं लग्नाचं प्रकरण इतकं बारकाईचं आहे की आजही वाद निघाला की शहाणे संथाळ त्याचाच हवाला देतात.

या परंपरेत पहिलं प्रेम भावाबहिणींचं आहे. हंस-हंसिणीच्या दोन अंड्यांतून पिलचू हाडाम आणि पिलचू बुढी ही पहिली माणसं जन्मली. मारांग बुरू या देवाने त्यांना तांदळाची ‘हांडी’ गाळायला शिकवली (ही आपली दहीहंडीची हंडी नव्हे, ही तांदूळ आंबवून केलेली दारू). त्यांना सात मुलगे आणि सात मुली झाल्या. पुढे नवराबायको वेगळी झाली. मुलगे बापाबरोबर गेले, मुली आईबरोबर. वर्षं लोटली. एके दिवशी मुलगे शिकारीला निघाले, मुली रानभाजीला. भाजी खुडून झाल्यावर त्या एका वडाच्या पारंब्यांना झोके घेत गात होत्या, तो आवाज मुलांच्या कानावर पडला. मग नाच झाला, गाणी झाली आणि थोरल्याला थोरली, धाकट्याला धाकटी अशा जोड्या लागल्या. झालं ते कळल्यावर पुन्हा असं होऊ नये म्हणून माणसांची ‘पारिस’ म्हणजे कुळं ठरवण्यात आली : हांसदा, मुर्मू, किस्कू, हेम्ब्रम, मरांडी, सोरेन, टुडू आणि पुढे बास्के, बेसरा वगैरे धरून बारा. त्यांतलं बेदेआ हे कूळ हरवलं असं मानतात.

मला या कथेत महत्त्वाचं वाटतं ते हे की नियम प्रेमाच्या मागाहून आला. आधी रान, झोका, गाणं, मग कूळ. आणि कथा कुठेही त्या चौदा जणांना पापी ठरवत नाही. एक कुळ असलेल्या मुलामुलींचं लग्न मात्र तेव्हापासून वर्ज्य झालं. त्याशिवाय काही कुळांची आपसांतली वैरं आहेत : किस्कू-मरांडींचं, टुडू-बेसरांचं जमत नाही, असं जुनी मंडळी सांगतात. लग्नाची बोलणी सुरू होताच पहिला प्रश्न पारिसचा असतो, जसा आपल्याकडे गोत्राचा किंवा देवकाचा.

संथाळी व्याकरणातली एक लकब इथे सांगण्याजोगी आहे. क्रियापदाच्या पोटात ‘प’ घातला की क्रिया परस्परांची होते. ‘दाल’ म्हणजे मारणं, ‘दापाल’ म्हणजे एकमेकांना मारणं. ‘ञाम’ म्हणजे सापडणं आणि ‘ञापाम’ म्हणजे एकमेकांना सापडणं, अर्थात भेटणं. दोन माणसांची भेट म्हणजे दोघंही एकाच वेळी शोधणारी आणि सापडणारी! भाषेच्या अशा घडणीवरून समाजाचा स्वभाव काढू नये हे मला कळतं, पण तरुण पोरापोरींच्या गाण्यांत हा शब्द इतक्या वेळा येतो की त्याचं कौतुक वाटल्याशिवाय राहत नाही.

ही भेट कुठे व्हायची? बाजारात, जत्रेत, पाणवठ्यावर, रानात पानं आणि लाकडं आणायला गेल्यावर, आणि मुख्य म्हणजे आखड्यावर, जिथे रात्री लागडे नाच चालतो. मुली हातात हात गुंफून अर्धवर्तुळ धरतात, समोर मुलगे तुमदा आणि टामाक ही वाद्यं वाजवतात. बासरीला ‘तिरिओ’ म्हणतात आणि ती प्रेमाचं वाद्य मानली जाते. विल्यम आर्चर या इंग्रज अधिकाऱ्याने संथाळ प्रेमगीतांवरच्या आपल्या १९७४च्या पुस्तकाला बासऱ्यांच्या टेकडीचं नाव दिलं ते त्यामुळेच. संथाळी गाण्यांना ऋतू आणि जागा ठरलेली असते. लग्नातलं ‘दोंग’ एरवी गात नाहीत, बाहा सणातलं गाणं पेरणीत नाही. आणि ‘बीर सेरेंग’ म्हणजे रानगाणी फक्त पुरुषांनी, फक्त शिकारीच्या वेळी रानात गायची. त्यांतला उघडावाघडा शृंगार गावाच्या शिवेच्या आत आणायचा नाही. बहिणीच्या, आईच्या कानावर ते पडणं हा गुन्हाच.

या तरुणाईवर देखरेख ठेवायला गावात एक अधिकृत माणूस असतो, आणि संथाळांच्या व्यवस्थेतलं हे पद मला सगळ्यांत विलक्षण वाटतं. गावप्रमुख तो मांझी, त्याचा मदतनीस पाराणिक, निरोप्या गोडेत, पुजारी नायके. आणि पोरापोरींचा पालक तो ‘जोग मांझी’. कोणाचं कोणाशी चाललं आहे हे त्याला ठाऊक असलं पाहिजे. ठाऊक असून त्याने ते गावभर करू नये, पण कुळाची किंवा शिवेची मर्यादा ओलांडली जात असेल तर वेळीच थांबवावं, अशी अपेक्षा. मुलगी गरोदर राहिली तर जबाबदार मुलगा शोधून काढणं त्याचं काम. लग्नात कारभारी तोच. प्रेमात पडणाऱ्यांसाठी गावाने माणूस नेमलेला असणं, ही कल्पना आपल्याकडच्या कुठल्या गावगाड्यात बसेल? आपल्या बाराही बलुत्यांत हे काम कोणाकडे नव्हतं.

सोहराय हा संथाळांचा मोठा सण. सिंहभूम-मयूरभंजकडे तो आपल्या दिवाळीच्याच अमावास्येला येतो, संथाळ परगण्यात पौषात, पीक घरात आल्यावर. गुरांची पूजा, नाच, हांडी आणि पाच दिवसांची मोकळीक. या दिवसांत तरुणांचा सगळा भार जोग मांझीवर असतो. इंग्रज अमदानीतल्या काही लेखकांनी या मोकळिकीवर चवीने लिहिलं आणि मग ‘संथाळांतलं मुक्त प्रेम’ ही एक गोष्टच तयार झाली. ती बंगाली भद्रलोकांनी उचलली, चित्रकारांनी रंगवली, सिनेमाने पडद्यावर आणली. सत्यजित राय यांच्या ‘अरण्येर दिनरात्री’त (१९७०) सिमी गरेवाल यांनी रंगवलेली दुली आठवून पाहा. राय हा थोर दिग्दर्शक, चित्रपटही थोर, पण शहरातून आलेल्या पुरुषाला सहज उपलब्ध असलेली आदिवासी बाई ही त्यातली प्रतिमा मला दर वेळी खुपते. ज्या समाजात कोण कोणाबरोबर रानात जाऊ शकतो हे कुळाने, नात्याने आणि शिवेने ठरवून दिलेलं आहे, तिथे ‘मुक्त’ हा शब्द बाहेरच्याच्या इच्छेपोटी आलेला आहे.

नात्याच्या मर्यादेचा एक नमुना. थोरल्या भावाची बायको म्हणजे ‘हिली’. तिची धाकटा दीर वाटेल तशी थट्टा करू शकतो. फाल्गुनातल्या बाहा सणात दोघं एकमेकांवर पाणी उडवतात. (साधं पाणी, रंग नाही. रंगाविषयी पुढे सांगतो.) पण नवऱ्याचा थोरला भाऊ आणि धाकटी भावजय यांनी एकमेकांना शिवायचंही नाही, एका खाटेवर बसायचं नाही, एकट्याने एका घरात राहायचं नाही. मी एका घरी पाहिलं, थोरल्या दिराला पाण्याचा तांब्या द्यायचा होता तर सुनेने तो जमिनीवर ठेवला आणि ती बाजूला झाली. मग त्याने उचलला. दोघंही पदवीधर, शहरात नोकरी करणारी.

आता रीतसर लग्नाकडे येतो. रीतसर म्हणजे मध्यस्थाने जुळवलेलं. मध्यस्थाला ‘रायबार’ म्हणतात. तो मुलीच्या गावी निघाला की वाटेतल्या शकुनांकडे त्याचं लक्ष. साप आडवा गेला, रिकामी घागर दिसली, तर परत फिरायचं. आपल्याकडचं मांजर तिथे वेगळ्या रूपात भेटतं, इतकंच. पाहण्याचा कार्यक्रम मुलीच्या घरी होत नसे. बाजारात किंवा जोग मांझीच्या अंगणात, मैत्रिणींच्या घोळक्यात तिला पाहायचं. पोह्यांचं ताट हातात घेऊन एकटीने समोर येण्याचा प्रसंग तिथल्या मुलीवर नसे आणि नापसंती कळवली तरी तिचा उघड अपमान होत नसे. मुलीकडचेही मुलाचं घर बघायला जातात, आणि माझ्या अनुभवाप्रमाणे जास्त चौकसपणे जातात. पसंती झाली की दोन्हीकडून दागिन्याची, कापडाची देवाणघेवाण.

लग्नाची तारीख दोरीवर लिहितात. हळदीत भिजवलेल्या सुताला जितके दिवस उरले तितक्या गाठी मारायच्या. या गाठींना ‘गिरा’ म्हणतात. अशी दोरी दुसऱ्या घरी पाठवायची, रोज एक गाठ सोडायची. शेवटची गाठ सुटली की वरात निघायची. ‘लग्नगाठ’ आपण नुसती बोलण्यात बांधतो. माझ्या एका सहकाऱ्याच्या मुलीच्या लग्नाची निमंत्रणपत्रिका छान रंगीत छापलेली होती, क्यूआर कोडसकट, आणि तिला पिवळ्या सुताचा गाठींचा तुकडा बांधलेला होता.

मुलाकडून मुलीकडे जायचं धन म्हणजे ‘गोनोंग’. आपल्या जुन्या देजासारखं. त्यात रोख रक्कम थोडी, मान जास्त : मुलीच्या आईला आणि आज्यांना लुगडी, भावाला एखादं जनावर. याला मुलीची किंमत म्हणणं मला पटत नाही. ज्या घरातून काम करणारे दोन हात जाणार, त्या घराची ती दखल आहे. मात्र गेल्या काही वर्षांत नोकरदार संथाळ मुलाच्या लग्नात मुलीकडून मोटारसायकल आलेली मी पाहिली आहे. गोनोंग लाजेपुरता उरतो आणि हुंडा मागच्या दाराने येतो. सुधारणा म्हणून शेजारच्या हिंदू समाजाकडून जे उचललं गेलं, त्यातलं हे.

मांडव सालाच्या खांबांचा. ‘सुनुम-सासांग’ म्हणजे तेल-हळद दोघांनाही लागते, त्यात आपल्याला घरच्यासारखं वाटतं. मग येतो तो क्षण ज्याला ‘सिंदरादान’ म्हणतात. वधूला बांबूच्या मोठ्या टोपलीत, डावरात, बसवतात आणि वराकडची माणसं ती टोपली उचलून धरतात. वर असतो आपल्या मेहुण्याच्या खांद्यावर. दोघांचेही पाय जमिनीपासून सुटलेले. तांब्यात आंब्याची डहाळी बुडवून ती एकमेकांवर पाणी शिंपडतात आणि मग सालाच्या पानातला शेंदूर वर तिच्या कपाळी भरतो. ओरडा होतो, टामाक वाजू लागतात. भटजी नाही, अग्नी नाही, सप्तपदी नाही. शेंदूर भरला की लग्न लागलं. पुढे डाव्या मनगटात लोखंडी कडं येतं. वडीलधारे ‘बिंती’ म्हणतात, म्हणजे अंड्यापासूनची सगळी कथा पुन्हा सांगतात. पाहुण्यांना ‘कुडुम’ म्हणजे कोडी घालतात. पारंब्यांवर झोके घेणाऱ्या सात बहिणी अशा प्रत्येक लग्नाला हजर असतात.

शेंदराचं हे सामर्थ्य एकदा लक्षात आलं की इतर प्रकारांचा उलगडा होतो. याद्या निरनिराळ्या आहेत, सगळे प्रकार सांगत बसत नाही. ‘तुनकी दिपिल’ म्हणजे डोक्यावर टोपली : गरिबाघरची मुलगी आपली चीजवस्तू टोपलीत घेऊन मुलाच्या घरी येते, तिथेच शेंदूर भरतात, खर्च वाचतो. ‘घारदी जावांय’ हा सासऱ्याच्या शेतावर पाच वर्षं राबून बायको मिळवतो. कोरकू आणि गोंडांमधला लमझना तो हाच. ‘घर जावांय’ तर आपलाच घरजावई, शब्दासकट. मुलगा नसलेला बाप जावयाला कायमचा घरी आणतो. गावासमोर तसा विधी झाला तर जमीन त्याच्याकडे, म्हणजे पर्यायाने मुलीकडे राहते. आपल्याकडे घरजावई म्हटलं की खिल्ली उडते. तिथे त्या शब्दात जमिनीचा हक्क आहे, म्हणून कुणी हसत नाही. भाऊबंद दात मात्र खातात.

दोन प्रकारांवर थांबायला हवं. पहिला ‘इतुत’. मुलीला तो मुलगा नको आहे, किंवा तिच्या घरच्यांना नको आहे. मुलगा जत्रेत, बाजारात दबा धरून तिच्या कपाळाला शेंदूर फासतो आणि पळ काढतो. पळतो कारण सापडला तर मार खाईल. मुलीचे नातलग त्याच्या गावी जाऊन चूल फोडत, मडकी फोडत, बकरी कापत. दामदुप्पट गोनोंग वसूल करत. इथवर वाचायला गंमत वाटते. पण शेंदूर लागला तो लागला. मुलीने नांदायला साफ नकार दिला तरी ती आता कुमारिका नाही. तिला रीतसर काडीमोड घ्यावा लागतो आणि पुढचं लग्न दुय्यम रीतीनेच करावं लागतं. दंड मुलगा भरतो, दर्जा मुलीचा जातो. होळीच्या सुमारास झारखंडातल्या काही संथाळ गावांत परक्या मुलीवर रंग टाकण्याची सक्त मनाई असते, टाकणाऱ्याने दंड भरावा नाहीतर लग्न करावं असा नियम असतो, त्याचं मूळ यात आहे. लाल काहीही कपाळावर उडणं तिथे खेळ नसतो.

दुसरा ‘ञीर बोलोक’, म्हणजे पळत येऊन शिरणं. मुलाने शब्द दिला, जवळीक झाली आणि आता तो टाळतो आहे. मुलगी हांडीचं मडकं डोक्यावर घेऊन थेट त्याच्या घरात शिरते आणि बसते. सासू तिला हात धरून बाहेर काढू शकत नाही. तसा रिवाज नाही. पण चुलीत लाल मिरच्या टाकू शकते. त्या धुरात डोळे गळत, खोकत मुलगी तशीच बसून राहिली तर ती जिंकली, ती सून. विसाव्या शतकाच्या आधीपासूनच्या नोंदींत हा मिरच्यांचा धूर आहे. मी एका म्हातारीला विचारलं, खरंच असं करत? ती म्हणाली, ‘माझ्या सासूने मिरच्या वाचवल्या. महाग होत्या.’ आणि मग बराच वेळ एकटीच हसत बसली. इतुत आणि ञीर बोलोक हे एकाच समाजाचे दोन विधी एकत्र ठेवून पाहावेत. पुरुष शेंदूर घेऊन येतो आणि क्षणात काम करून पळतो. बाईला मडकं घेऊन येऊन धुरात बसून राहावं लागतं. तरी तिला बसण्याचा हक्क आहे. आपल्या किती जातींत तेवढा होता?

काडीमोडालाही पानच लागतं. त्याला ‘साकाम ओरेच’ म्हणतात, पानं फाडणं. गावपंचांसमोर नवरा सालाची तीन पानं फाडतो आणि पाण्याने भरलेला पितळी तांब्या पालथा करतो. पान मध्येच अडलं, पाणी पुरतं सांडलं नाही, तर जोडपं पुन्हा एकत्र येईल असं जमलेले लोक म्हणतात. वेगळं व्हायचं कारण दोघांपैकी कोणाकडूनही येऊ शकतं. ज्याच्याकडून येतं त्याने दंड सोसायचा. काडीमोड घेतलेल्या बाईचं किंवा विधवेचं दुसरं लग्न म्हणजे ‘सांगा’, आपल्या पाटासारखा. त्यात शेंदूर कपाळी जात नाही. वर दिंबूच्या फुलाला डाव्या हाताने शेंदूर लावतो आणि त्याच हाताने ते फूल तिच्या केसांत खोवतो. म्हणजे कपाळ पहिल्याचंच. विधवेला दुसरं घर मिळतं, हे आपल्या पांढरपेशा इतिहासाकडे पाहता थोरच. डावा हात मात्र तिच्या वाट्याला येतो, तिच्या नव्या नवऱ्याच्या नाही.

एवढ्या वाटा खुल्या ठेवणारा हा समाज दोन ठिकाणी मात्र दार लावून घेतो : एकाच कुळातल्यांचा संबंध आणि ‘दिकू’ म्हणजे बिगर-संथाळाशी संबंध. यांना शिक्षा ‘बिटलाहा’, वाळीत टाकणं. सालाची फांदी गावोगाव फिरते. फांदीवर जितकी पानं, तितके दिवस उरले. ठरल्या दिवशी शेकडो पुरुष ढोल-बासऱ्या घेऊन अपराध्याच्या अंगणात उतरतात. रानातली गाणी त्या दिवशी गावात येतात, म्हणून बायकापोरी आधीच गाव सोडतात. अंगण विटाळतात, बांबूला जळकं लाकूड, फाटकी पत्रावळ, झिजलेला झाडू लटकवतात. परत जातीत यायचं तर ‘जोम जाती’चं जेवण घालावं लागतं.

आर्चर १९४०च्या दशकात संथाळ परगण्याचा उपायुक्त होता आणि संथाळांचा रिवाजी कायदा नोंदवण्याचं काम त्याच्याकडे होतं. बिटलाह्यावर त्याने खुलासेवार लिहिलं आहे. त्याला त्यात गावाची एकजूट दिसली. ती होतीही. सावकार, ठेकेदार, जमीनदार बायकांच्या वाटेने गावात शिरतात हा शंभर वर्षांचा अनुभव होता. पण ही भिंत कोणाच्या अंगावर पडते तेही बघितलं पाहिजे. जानेवारी २०१४मध्ये बीरभूम जिल्ह्यातल्या एका गावात परजातीच्या पुरुषाशी संबंध ठेवल्यावरून एका संथाळ तरुणीला झाडाला बांधण्यात आलं, दंड मागितला गेला आणि तिच्यावर सामूहिक बलात्कार झाला. सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. बोलपूरच्या न्यायालयाने त्याच वर्षी १३ जणांना २० वर्षांची शिक्षा दिली. कोलेआनने सांगितलेल्या कुठल्याही रीतीत बलात्कार ही शिक्षा नाही. ‘त्यांच्यात असंच असतं’ म्हणणारे शहरी लोक आणि ‘आमच्या परंपरेवर बाहेरच्यांनी बोलू नये’ म्हणणारे पुढारी, दोघांनीही तेव्हा रीत न वाचताच रीतीचं नाव घेतलं.

या भीतीच्या तळाशी जमीन आहे. मुलीला बापाच्या जमिनीत वारसा नाही. विधवेला, लेकीला पोटापुरता ‘ताबेन जोम’ म्हणून तुकडा मिळू शकतो, तो हयातीपुरता. बाई लग्नाने नवऱ्याच्या कुळात आणि त्याच्या ‘बोंगा’ म्हणजे देवतांच्या छायेत जाते, पण घरच्या बोंगांची गुप्त नावं तिला सांगत नाहीत. परक्या कुळातून आलेली ती, उद्या नवरा गेला तर जमीन धरून बसेल, हा संशय. गोविंद केळकर आणि देव नाथन यांनी १९९१च्या आपल्या अभ्यासात झारखंडातल्या डाकीण ठरवल्या जाणाऱ्या बायका आणि त्यांच्या हातातली जमीन यांचा संबंध दाखवला, तो याच जागी. दुमक्याच्या कवयित्री निर्मला पुतुल यांच्या कविता वाचाव्यात; नाचणाऱ्या, फुलं माळणाऱ्या संथाळणीच्या चित्राबाहेरची बाई तिथे स्वतः बोलते.

कायदा या सगळ्यात कुठे आहे? १९५५च्या हिंदू विवाह कायद्याच्या दुसऱ्या कलमातच म्हटलं आहे की केंद्र सरकारने अधिसूचना काढल्याखेरीज तो अनुसूचित जमातींना लागू नाही. म्हणजे संथाळांचं लग्न त्यांच्या रिवाजावर उभं आहे. २००१मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर एक प्रकरण आलं. पत्नी ओराँव, पती संथाळ. त्याने दुसरं लग्न केलं, म्हणून तिने द्विभार्येचा खटला भरला. न्यायालयाने म्हटलं की जमातीत एकपत्नीत्वाची चाल आहे एवढं सांगून भागत नाही. त्या चालीला कायद्याचं बळ आहे आणि तिच्यामुळे दुसरं लग्न रद्दबातल ठरतं, असं मांडून सिद्ध करावं लागेल. तसं झालं नव्हतं. अपील फेटाळलं गेलं.

आता रिसलीने १८९१मध्ये संथाळांविषयी छापलेली नोंद पाहा. पहिली बायको वांझ असेल किंवा थोरल्या भावाच्या विधवेला करून घ्यायचं असेल तर संथाळ दुसरी बायको करतो, आणि त्यासाठी पहिलीची संमती लागते. ती नोंद त्या खटल्याच्या कामी आली असती की नाही, हे वकिलांनी सांगावं. मांझी आणि जोग मांझी यांना मात्र ती संमती काय असते हे तोंडपाठ आहे. घाटशिलेजवळच्या एका गावच्या जोग मांझीला मी विचारलं, पहिली नाही म्हणाली तर? त्याने अंगणातल्या सालाच्या झाडाकडे बोट दाखवलं आणि म्हणाला, ‘पानं काय कमी आहेत?’